वीस सेकंद पाय न उचलता

मिनशुंग,
नोव्हेंबर संपत आला.

तीर्थस्वरूप ताईस,

धाकट्या माओ-सुंगचा कंबरेत वाकून तीनदा नमस्कार (चौथ्यांदा वाकलो तर उठवायला घरात कोणी नाही). तुझा गुडघा कसा आहे? ह्वालिएनला परवा पुन्हा जमीन हलली असं बातम्यांत सांगत होते, तेव्हा तुझी कपाटं आणि तू सगळी जागेवर आहात ना, ते कळव. मागच्या पत्रात तू माझं कसं चाललंय म्हणून विचारलं होतंस. उत्तम चाललंय. रक्तदाब वर आहे, दोन दात हलतात, पेरूच्या झाडाला कीड लागली आहे आणि मागच्या देवळातला बिघडलेला भोंगा कोणा पुण्यवानाने दुरुस्त करून दिल्यामुळे पहाटे पाचपासून मी जागा असतो. बाकी सगळं क्षेमकुशल. फोन न करता पत्र लिहितोय, कारण फोनवर तुला माझं ऐकू येत नाही, आणि घरच्यांच्या ग्रुपवर लिहावं तर तिथे पी-युन आहे, लेक वान-रू आहे आणि वान-रूचा नवराही आहे, जो प्रत्येक गोष्टीला अंगठा दाखवतो. पी-युनबद्दल मी या पत्रात एक अक्षर लिहिणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो. पत्र गाडीविषयी आहे.

ती राखाडी गाडी तुला आठवत असेल. वान-रूच्या लग्नाला तुला स्टेशनवरून आणलं ती हीच. आता एकोणीस वर्षांची झाली. वर्षाच्या सुरुवातीपासून तिला खोड लागली की सिग्नलला उभी राहिली की थरथरायची. थरथरतो मीही, मला कोणी गॅरेजात नेत नाही, म्हणून मी दुर्लक्ष केलं. पण जुलैत पी-युनला ताइचुंगला वान-रूकडे सोडायला गेलो तेव्हा पुलाच्या तोंडाशीच गाडी बंद पडली. मागे शे-दीडशे स्कूटर, त्यांचे भोंगे, आणि शेजारी पी-युन मांडीवर बॅग घेऊन समोर बघत बसलेली. वान-रूने त्याच संध्याकाळी निकाल दिला, "बाबा, या गाडीत आई पुन्हा बसणार नाही. आधी गाडी नीट करा, मग तिला न्यायचं बोला." म्हणजे बघ, प्रश्न साधा होता. गाडी नीट झाली की मी ताइचुंगला जाणार, आणि गाडी नीट झाली आहे असं म्हटल्यावर कोणाला नाही म्हणायला कारण उरणार नाही.

(पी-युन का गेली, हे तू विचारशीलच. म्हणून एवढंच सांगतो आणि विषय संपवतो. पस्तीस वर्षं मी पाणीखात्यात लोकांचे मीटर तपासले. निवृत्त झाल्यावर मला वेळ होता आणि तिच्या स्वयंपाकघरात शिस्त नव्हती. मी बरण्या तारखेनुसार लावल्या, मुदत संपलेलं सगळं फेकलं, आणि एका दुपारी तिची लोखंडी कढई तारेच्या घासणीने घासून आरशासारखी केली. ती तिच्या आईची कढई. तेल पिऊन पिऊन काळी झालेली, हे मला घाण वाटलं. पी-युनने बघितली आणि "छान झाली" एवढंच म्हणाली. दुसऱ्या दिवशी अंडं कढईला चिकटलं. तिने ते खरवडलं, माझ्या ताटात वाढलं आणि बॅग भरली. वान-रूच्या बाळाला सांभाळायला पंधरा दिवस जाते, म्हणाली. त्याला चार महिने झाले. बाळ आता पाळणाघरात जातं.)

तर गाडी. इंजिनात हवा जिथून शिरते तिथे पितळी झाकणाएवढी एक चकती असते, तिला थ्रॉटल म्हणतात. जुन्या गाड्यांत अ‍ॅक्सिलरेटर दाबला की तार ओढली जायची आणि चकती उघडायची. आमच्या गाडीत पाय एका वायरीला सांगतो, वायर संगणकाच्या एका डब्याला सांगते, डबा मोटरला सांगतो आणि मग मोटर चकती फिरवते. आमच्या खात्यातही अर्ज असाच फिरायचा. मी नळी काढून आत डोकावलो तर चकतीच्या कडेला काजळीचा जाड थर. काजळी दिसली की माझे हात शिवशिवतात, तुला माहीत आहे. फवारा मारला, जुन्या दातांच्या ब्रशने घासलं, दोन तासांत चकती लखलखीत. गाडी सुरू केली, तर इंजिनाच्या फेऱ्यांचा काटा दोन हजारांवर चढला, पाचशेवर आपटला, पुन्हा चढला, पुन्हा आपटला, आणि मग गाडी विझली. आधी ती दहा सिग्नलांत एकदा बंद पडायची. आता दारातच बंद पडायला लागली.

आवाज ऐकून शेजारचा श्याव आला. हा संगणकाच्या चिपा बनवणाऱ्या कारखान्यात तीस वर्षं यंत्रं दुरुस्त करत होता, आणि निवृत्तीनंतर त्याने मला दुरुस्त करायचं मनावर घेतलं आहे. इंजिनात वाकून बघितलं आणि म्हणाला, "अहो मीटरवाले, एकोणीस वर्षं ती काजळीच्या फटीतून हवा घ्यायला शिकली होती. तुम्ही फट मोठी करून ठेवलीत, आता तिला कळेना किती श्वास घ्यायचा. कढई घासलीत, बायको गेली. चकती घासलीत, गाडी गेली. आता कृपा करून माझ्या घराकडे बघू नका."

उपाय त्यानेच शोधला. त्या डब्याला जुनं सगळं विसरायला लावून चकतीची बंद जागा नव्याने शिकवायची. त्याची रीत अशी की आधी इंजिन चांगलं तापवून बंद करायचं. दिवे, पंखा, रेडिओ, थंड हवा सगळं बंद. मग किल्ली फिरवायची, पण इंजिन सुरू करायचं नाही. तीन सेकंद थांबायचं. पुढच्या पाच सेकंदांत अ‍ॅक्सिलरेटर पाच वेळा तळापर्यंत दाबून सोडायचा. सात सेकंद थांबायचं. मग तळापर्यंत दाबून तसाच धरायचा, साधारण वीस सेकंद. समोरचा पिवळा दिवा आधी लुकलुकतो, मग स्थिर होतो. स्थिर झाला की लगेच पाय सोडायचा आणि गाडी सुरू करायची. मध्ये एक सेकंद इकडेतिकडे झाला, पाय जरा उचलला गेला, की सगळं पहिल्यापासून. माणसांनाही असं नव्याने शिकवता येतं का, हे मी श्यावला विचारलं. म्हणाला, माणसांना पिवळा दिवा नसतो, त्यामुळे शिकली की नाही ते कळत नाही.

पहिला प्रयत्न मी एकट्याने केला, शुक्रवारी संध्याकाळी. तीन झाले, पाच झाले, सात झाले. पाय तळापर्यंत दाबला, दिवा लुकलुकायला लागला, मी तोंडाने मोजत होतो. चौदाला कोपऱ्यावर कचरागाडीची धून वाजली. आता तूच सांग, आपल्याकडे ती धून ऐकल्यावर कुठल्या माणसाचा पाय जागेवर राहतो? पिशवी हातात घेऊन गाडीच्या मागे जो वेळेत पोचला त्याचा कचरा गेला, उरला त्याचा घरात. आजवर ते काम पी-युनचं होतं. ती गेल्यावर पहिल्या महिन्यात माझी दोनदा गाडी चुकली आणि माशाच्या आतड्यांसोबत मी दोन दिवस काढले. तेव्हापासून धून कानावर पडली की पाय आधी उठतात, डोकं मागून येतं. फाटकापाशी पोचलो तेव्हा लक्षात आलं की आपण वीस सेकंद पाय दाबून बसायचं होतं. पिशवी मात्र वेळेत पोचली. रांगेत टोफूवाली बाईही उभी होती. मला बघून म्हणाली, "काय हो, पी-युनचे पंधरा दिवस अजून भरले नाहीत वाटतं?" सगळी गल्ली हसली. मीही हसलो, कारण हातात उष्टं होतं आणि रागवायला दुसरा हात मोकळा नव्हता. गाडीची किल्ली तशीच फिरवलेली राहिली आणि सकाळी बॅटरी मेलेली.

शनिवारी श्यावने बॅटरी चार्ज करून दिली आणि दुपारी तयारीनिशी आला. त्याच्या कारखान्यात प्रत्येक यंत्रावर नारळाच्या चवीच्या कुरकुऱ्यांची हिरवी पुडी ठेवलेली असायची, म्हणजे यंत्र शहाण्या मुलासारखं वागतं. (तुमच्या ह्वालिएनच्या दवाखान्यातही एक्स-रेच्या यंत्रावर होती, मी पाहिली आहे. तुझा गुडघा त्यात नीट आला होता.) त्याने पुडी काचेपाशी ठेवून हात जोडले. मी सवयीने तारीख बघितली. मुदत मागच्या महिन्यात संपलेली. श्यावचा चेहरा पडला, कारण शिळी पुडी ठेवली तर यंत्र उलट जास्त बिथरतं. मी दुकानात गेलो तर हिरवी संपली होती, पिवळी होती. ती नेली तर श्यावने फाटकातूनच परत पाठवलं. "पिवळा म्हणजे थांबा! सिग्नलला बंद पडणाऱ्या गाडीला पिवळी पुडी दाखवता? अक्कल कुठे ठेवलीत, मीटरमध्ये?" तिसऱ्या दुकानात हिरवी मिळाली, पुढच्या वर्षीची, पण तोवर कचरागाडीची वेळ झाली. इतकी धावपळ मी वान-रूच्या जन्माच्या वेळी केली नव्हती. त्या वेळी मी कामावर होतो.

दुसऱ्यांदा बसलो, रविवारी सकाळी. कचरागाडी रविवारी येत नाही, हे आधी पक्कं केलं. मी स्टिअरिंगशी, श्याव शेजारी, वेळ मोजायला त्याच्या हातात माझा फोन (त्याच्या फोनवरचे आकडे त्यालाच दिसत नाहीत). तीन. पाच वेळा दाबून सोडला. सात. पाय तळाशी नेऊन धरला, दिवा लुकलुकू लागला. श्याव मोठ्याने आकडे म्हणत होता. अकरा म्हणाला आणि फोन वाजला.

"कोण आहे?"

"तुमची बायको."

ताई, चार महिन्यांत तिने एकदाही फोन केला नव्हता. मी केला तर बाळाचं सांगायची, हवेचं सांगायची आणि ठेवायची. मी हात पुढे केला. "इकडे द्या!"

"पाय! पाय हलवू नका! आणि हे आकडे झाकले गेले ना हिच्यामुळे!" असं म्हणून श्यावने लाल गोल दाबला. फोन बंद झाला. "पंधरा धरू. सोळा. सतरा."

मी पाय उचलला नाही. श्यावला काय शिव्या द्यायच्या त्या मी नंतर दिल्या, पण तुला खरं लिहितो, त्याचा दोष नाही. शुक्रवारी कचऱ्यासाठी माझा पाय उठला होता, रविवारी तिच्यासाठी उठला नाही. दिवा स्थिर होताना बघत मी वीस सेकंद पुरे केले, पाय सोडला, गाडी सुरू केली. काटा सातशेवर आला आणि तिथेच राहिला. पंखा लावला, दिवे लावले, थंड हवा सोडली, तरी हलला नाही. श्यावने पुडीला नमस्कार केला आणि जेवायला गेला. मी पी-युनला फोन लावला. मध्ये चार मिनिटं गेली असतील. म्हणाली, "काही नाही. चुकून लागला. तुम्ही कामात होतात वाटतं." मी म्हटलं, गाडी नीट झाली. ती म्हणाली, "छान झाली." आणि ठेवला. हे दोन शब्द मी आधी एकदा ऐकले आहेत.

असो. एकूण गाडी उत्तम चालते, कोणाला गाडी घरी दुरुस्त करायची असेल तर माझं नाव सांग. गुडघ्याला ऊब दे, कपाटं भिंतीला ठोकून घे. काळजी करू नकोस.

तुझा धाकटा,
माओ-सुंग

ता. क. सोबत पेरू पाठवतोय. कीड लागलेले मी खाल्ले, हे बरे आहेत.

ता. क. दुसरा. वर लिहायचं राहिलं. त्याच रविवारी दुपारी मी गाडी घेऊन ताइचुंगला गेलो होतो. वान-रूच्या इमारतीखाली इंजिन चालू ठेवून चाळीस मिनिटं बसलो. काटा हलला नाही. पाचव्या मजल्याच्या गॅलरीत पी-युन बाळाचे कपडे वाळत घालत होती. तिने खाली बघितलं की नाही ते मला नक्की सांगता येणार नाही. वर जाऊन काय म्हणायचं ते सुचलं नाही, म्हणून परत आलो. वाटेत गाडी कुठेही बंद पडली नाही. वान-रूला हे सांगू नकोस.

ता. क. तिसरा. पत्र मुळात यासाठी लिहिलं. तू पी-युनला फोन कर. तुझ्याशी ती बोलते, आणि तिचं तुला फोनवर ऐकूही येतं. मी सांगितलं म्हणू नकोस. गुडघ्याचं बोल, बाळाचं बोल, आणि मग सहज म्हण की रविवारी फोन माओ-सुंगने नाही, श्यावने कापला. नंतर विचार, तो फोन तिने मुद्दाम केला होता की खरंच चुकून लागला होता. मुद्दाम केला म्हणाली, तर कितीही वाजले असोत, मला लगेच फोन कर, तुला ऐकू आलं नाही तरी चालेल. चुकून लागला म्हणाली, तर मला काही कळवू नकोस.