शेवटच्या दृश्यातला काझी

४ जानेवारी १९५४, सोमवार

दिग्दर्शक उस्ताद नियाझींनी कॉफीहाउसात सगळ्यांदेखत सांगितलं : नव्या चित्रपटातला काझी मीच, आणि या वेळी कॅमेरा थेट माझ्या तोंडावर. शेवटच्या दृश्यात. क्लोजअप!

अख्ख्या कैरोतल्या हिरो-हिरॉइनींची लग्नं पडद्यावर मी लावली, पण लोकांनी पाहिली ती माझी पगडी. तीही मागून. दारवानाची कामं करणारा शलबी म्हणाला, "बयूमी अफंदी, तुम्ही मागूनच जास्त देखणे दिसता." किळसवाणा माणूस. दात कोरून काडी परत खिशात ठेवतो.

संकल्प : उद्यापासून सकाळचे उकडलेले वाल बंद. वालांनी गाल सुजतात.

८ जानेवारी, शुक्रवार

वाल खाल्ले. बहीजानं भिजत घातलेच होते. अन्न टाकणं पाप. बायकोला क्लोजअप म्हणजे काय ते कळत नाही.

आमच्या गल्लीतले शेख हसबल्ला हे खरे काझी. त्यांच्या मागे मागे जाऊन लग्नं पाहिली. नवरा आणि मुलीचा वकील (बहुधा बापच) उजवे हात धरतात, अंगठ्याला अंगठा. वर पांढरा रुमाल. रुमालावर काझीचा हात. आणि स्टुडिओत? चौकड्यांचा रुमाल! एकदा तर टेबल पुसायचं फडकं दिलं होतं. शी.

त्याहून शिसारी येते ती सेटवरच्या रिवाजाची. थट्टेत लावलेलं लग्नसुद्धा लागतं, अशी सगळ्यांना धास्ती. म्हणून नवऱ्यानं 'कबूल' म्हणायच्या आत कोणीतरी ओरडतो, "नबींवर दुरूद पढा!" सगळे दुरूद, म्हणजे नबींसाठीची दुआ, पढतात, वाक्य मधेच तुटतं, लग्न लागत नाही. म्हणजे इतक्या वर्षांत मी एकही लग्न पुरं लावलेलं नाही! नाट्यशाळेचं तोंड पाहिलं नाही, जे शिकलो ते नुसतं पाहून. पण अर्धवट काम कुठेच शिकलो नाही.

माझ्या क्लोजअपात लग्न पुरं लागेल.

१३ जानेवारी, बुधवार, सकाळ

पगडी स्वतः बांधली. रुमाल आमच्याच लग्नातला, इस्त्री केलेला. ओरडणाऱ्या सहायकाला ऐन वेळी चहा आणायला पिटाळणार.

पटकथेत नवरा-नवरीची नुसती पाळण्यातली नावं आहेत. बापाचा पत्ता नाही! असं कोणता काझी लग्न लावतो? मी कलाकारांची खरी नावं घेणार, बापाच्या नावासकट. चेहऱ्यावर खरा भाव उमटेल.

त्याच दिवशी, संध्याकाळ

काम अप्रतिम झालं. बाकी सगळे मूर्ख.

मेकअपवाली ओठ रंगवत होती तेव्हा हिरॉइन कौसरबाईंना मी रीतसर विचारलं, बापाचं काम करणाऱ्या या नटाला वकील नेमता ना? "हो हो, आटपा लवकर," म्हणाल्या. दिवे धरणारे दोघे साक्षीदार. मुनीर हिरो आहे, म्हणजे समोरचा सांगेल ते म्हणतो. 'कबूल' म्हणाला. विजेचं काम करणारा म्हातारा हळूच म्हणाला, "मुबारक हो."

मुनीरची बायको त्याचा डबा घेऊन आली होती. तिनं चप्पल काढली. मुनीर घाबरून ओरडला, "दिला, दिला, तलाक दिला!" ती म्हणाली, "कोणाला रे? नाव घे नाव!" कौसरबाईंच्या आईनं छाती बडवून घेतली : "पुढच्या आठवड्यात हिचं लग्न आहे हो, कापसाच्या व्यापाऱ्याशी!"

शेख हसबल्लांना टॅक्सीनं आणलं. सगळं ऐकून म्हणाले, "मुलगी 'हो' म्हणाली ते ओठ रंगवणारीला. लग्नबिग्न काही नाही. काय बयूमी, तुम्हीही पाहिलंत ना, तिचं लक्ष नव्हतं ते? हो म्हणा, म्हणजे सगळे परत कामाला लागतील."

सगळे माझ्याकडे बघत होते. उस्ताद नियाझींनी तर हात जोडले. नुसतं हो म्हणायचं होतं.

मी म्हणालो, "लग्न लागलंय."

शेखांनी माझ्याकडे पाठ फिरवून निकाल दिला : लग्न नाही. उस्तादांनी पगडी माझ्या डोक्यावरून स्वतःच्या हातानं काढली. घडीसुद्धा न करता टाकली. शी!

१४ जानेवारी, गुरुवार

बहीजा म्हणते, जा, माफी मागा. माफी कशाची? इतका सुंदर टेक ते फेकून देणार नाहीत. फिल्म महाग असते.

वाल. दोन वाट्या.

२ मार्च, मंगळवार

पोस्टर लागलं. माझं नाव नाही. प्रेक्षकांना शेवटी धक्का द्यायचा असेल.

कॉफीहाउसात शलबी नजर चुकवतो. दाढी राखलीय. दारवानाला दाढी! ओकारी येते.

१२ एप्रिल, सोमवार

पहिला खेळ. अख्खी गल्ली घेऊन गेलो. शेख हसबल्ला येईनात, त्यांनाही ओढून नेलं. शेवटचं दृश्य आलं तशी बहीजानं माझी बाही धरली.

पडदाभर शलबी. पगडी वाकडी.

नवऱ्यानं तोंड उघडलं आणि पडद्यावर कोणीतरी ओरडलं, "नबींवर दुरूद पढा!" अख्ख्या थिएटरनं दुरूद पढला. शेखांनी, बहीजानं. मीही.

मग क्षणभर रुमाल दिसला, इस्त्रीचा, आणि त्यावर एक हात. बहीजा मोठ्यानं म्हणाली, "अगंबाई, हे आमचे!" मागून कोणीतरी तिला गप्प केलं.

हात माझाच. नखं कापायला हवी होती.