मंत्रिमहोदयांचा दुधाचा ग्लास

तीर्थरूप आत्यास,

तुझ्या नाकाला आधी आणि मग तुला साष्टांग नमस्कार. गुडघे काय म्हणतात? मी बरा आहे, म्हणजे नोकरीवर आहे. आमच्या सरकारला सध्या एवढंही छातीठोकपणे सांगता येत नाही.

शाळेतल्या दुधाने दीडशे मुलं आजारी पडली, हे तू वाचलंच असशील. अन्नमंत्र्यांचा (म्हणजे माझ्या साहेबांचा) राजीनामा विरोधकांनी मागितला तर समजू शकतो, पण सगळ्यात मोठ्याने ओरडत होता तो पक्षातलाच उपमंत्र्यांचा गट. शेवटी नवं दूध चोख आहे हे दाखवायला साहेबांनी पत्रकारांसमोर ग्लासभर प्यायचं ठरलं. ते कळताच उपमंत्रीही प्यायला हजर (न जाणो, साहेब पिऊन ठणठणीत राहिले तर!). एका टेबलामागे दोन गट, कॅमेऱ्यात येण्यासाठी रेटारेटी आणि मधोमध ट्रे घेऊन मी. ग्लास साहेबांना देण्याआधी मी सवयीने नाकाशी नेला. लहानपणी तू मला हुंगल्याशिवाय पाणीसुद्धा पिऊ द्यायची नाहीस आणि मी किती चिडायचो! अकरा कॅमेऱ्यांसमोर माझं तोंड असं काही वाकडं झालं की साहेबांनी ग्लास घेतलाच नाही आणि उपमंत्र्यांना अचानक उपास आठवला.

शाळांच्या दारातून बाटल्या परत फिरल्या. दोन दिवसांनी प्रयोगशाळेचा अहवाल आला, सगळं दूध नासकं. एका मुलीची आई ऑफिसात आली, माझे दोन्ही हात धरून आभार मानून गेली. आत्या, ते आभार तुझे आहेत, मी फक्त पोचते करतोय. तू वळण लावलंस म्हणून ती मुलं आज खेळतायत. आता दोन्ही गट मला आपलाच माणूस म्हणतात.

तुझा जन्माचा ऋणी,
भाचा

ता. क. तुझ्याशी खोटं बोलवत नाही. गेल्या वर्षीच्या तापापासून मला कसलाच वास येत नाही. तोंड वाकडं झालं ते उपमंत्री बुटासकट माझ्या पायावर उभे राहिले म्हणून.

आणखी एक. सोमवारी चाळीस नमुने मी हुंगायचे आणि मी मान डोलावली की लगेच मुलांनी प्यायचं, असं दोन्ही गटांनी एकमताने ठरवलंय. अहवालासाठी थांबा म्हणून विनवलं, पण ऐकतो कोण? कसंही करून रविवारी ये. दर वेळी उपमंत्री पाय देतीलच असं नाही.