तुरीच्या वावरातलं ऊन

आई, तू गेलीस त्या वयाच्या पुढे मी आता आले आहे, आणि तुझ्याशी उघड्या अंगाबद्दल बोलायचं म्हटलं तरी अजून आवाज खाली जातो. बोरी अरबच्या घरातली न्हाणी आठवते. दार लावलेलं, आत दुसरं कोणी नाही, तरी तू परकर छातीवर बांधूनच अंघोळ करायचीस. मी वयात येत होते तेव्हा एकदा कपाटाच्या आरशासमोर नुसतीच उभी राहिले, तर तू मागून येऊन अंगावर टॉवेल फेकलास. "काय पाहून राह्यली? झाक ते. सोताचंबी पाहू नाही." तुझ्या आवाजात राग नव्हता, भेव होतं. ते मी तसंच्या तसं उचललं.

मग ती सकाळ. तू भाकर थापता थापता खाली बसतेस, मी तुला धरते आणि हाताला तुझ्या ब्लाउजची ओल लागते. छातीतली गाठ फुटली होती. यवतमाळच्या डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "इतके दिवस काहून नाही सांगितलं?" तू भिंतीकडे तोंड करून म्हणालीस, "कोणाले दाखवू, बाई?" त्या वर्षीची दिवाळीही तू पाहिली नाहीस. त्यानंतर मी माझ्याच अंगाला हात लावायला भ्यायले. साबणसुद्धा घाईघाईने लावायचा, दुसऱ्याचं भांडं घासल्यासारखा.

मागच्या हिवाळ्यात ऑफिसातली मैत्रीण मला घाटंजीकडच्या तिच्या वावरात घेऊन गेली. तिचा एक स्तन ऑपरेशनमध्ये काढलेला आहे. ओळखीच्या काही बायका तिथे जमतात, विहिरीजवळच्या टाक्यात अंघोळ करतात आणि दुपारभर कपड्यांशिवाय उन्हात बसतात. एवढंच. "आपलं अंग आपल्याले ओळखीचं व्हावं म्हणून," ती म्हणाली. "तुले नाही जमलं तर साडीत बस." मी साडीतच बसले. भोवती उंच तूर, फाटकाला कुलूप, तरी वाऱ्याने शेंगा वाजल्या की मी पदर ओढायची. त्या मात्र शेंगदाणे खात सुनांबद्दल बोलत होत्या. लोंबलेली पोटं, सिझेरियनचे टाके, मैत्रिणीच्या छातीवरचा आडवा, सपाट व्रण. कोणी टक लावून बघत नव्हतं, कोणी नजरही चोरत नव्हतं. बऱ्याच वेळाने मी साडी सोडली. पाठीला ऊन लागलं आणि मला रडूच आलं.

मग टाक्यात पाय सोडून बसले, तेवढ्यात घूं असा आवाज. शेजारच्या वावरावर फवारणीचा ड्रोन उठला होता. मी गळ्यापर्यंत पाण्यात शिरले. "अवं, कॅमेरा असते त्याले!" मी ओरडले. "औषध मारून राह्यला तो, इकडे नाही येत," मैत्रीण म्हणाली, पण खाली अंथरलेली चादर तिनेही अंगावर ओढली होती. आवाज थांबला तरी मी बाहेर येईना. दोन्ही हातांनी छाती घट्ट धरली होती, आणि तशातच बोटांखाली ती लागली. डावीकडे, हरभऱ्याएवढी, न हलणारी. मैत्रिणीने माझ्या चेहऱ्यावरूनच ओळखलं. "हात काढ. पाहू दे." आणि आई, मी हात काढला.

दुसऱ्या दिवशी तीच मला दवाखान्यात घेऊन गेली. गाठ वाईटच निघाली, पण लहान होती. ऑपरेशन झालं, औषधं चालू आहेत, केस गेले. डॉक्टर म्हणतात, वेळेत आलात. मी मान हलवते, पण दर तपासणीच्या आधी तीच जागा पुन्हा पुन्हा चाचपते. वावरात पुन्हा एकदा जाऊन आले. भेव गेलं नव्हतं, तरी यावेळी साडी लवकर सोडली.

हे पत्र जाणार तरी कुठे? पण एक सांगते. गाठ कशी सापडली असं घरात विचारलं, तेव्हा मी म्हणाले, घरी न्हाताना. नवऱ्याला तेच सांगितलं, मुलीलाही तेच. वावरातलं खरं काय ते घरच्यांत फक्त तुला सांगितलं, तेही तू आता कोणाला सांगू शकत नाहीस म्हणून.