चौकटीतली आई

१४ मार्च १९५७, गुरुवार
हार्लननं हे काय करून ठेवलं! आजच्या अंकात सगळ्या निधनवार्ता एकाच रकान्यात. गोरे-काळे एकत्र, आडनावाप्रमाणे. शिवाय काळ्यांच्या शाळेत शिकवणाऱ्या ओफेलिया टेटच्या नावाआधी ‘श्रीमती’! अख्ख्या अलाबामात कुठला गोरा पेपर काळ्या बाईला श्रीमती म्हणतो? “नवऱ्याच्या पेपरात काय येणार ते मला गावाआधी तरी कळू दे,” म्हटलं. म्हणाला, “कळलं असतं तर तू छापू दिलं नसतंस.”
नसतंच दिलं.

१७ मार्च
चर्चमध्ये आमच्या बाकावर कुणी बसलं नाही. बाहेर रॉयसनं — माझ्या सख्ख्या भावानं — चारचौघांत विचारलं, “काय दाजी, मेल्यावर काळ्यांशेजारी झोपवणार का आम्हाला?”
“झोपायचं कुठंय? नुसतं छापून यायचंय.”
मला हसू आलं. मला! घरी येईपर्यंत त्याचाच धक्का.

२२ मार्च
स्वयंपाकघराच्या काचेवर दगड.

२५ मार्च
कचेरीत ओफेलियाबाईंची मुलगी तो अंक घ्यायला आली होती. आईच्या नावावर बोट ठेवून कितीतरी वेळ उभी.

२ एप्रिल
आई गेली. रॉयसकडेच होती. कॉफी मागितली, ती येईपर्यंत संपलं. मयताच्या घरी शेजारणी जेवण पोचवतात. माझ्याकडे कुणी फिरकलं नाही.
संध्याकाळी रॉयस. “आईचं वेगळं छापा. वर, चौकटीत. त्या रकान्यात दिसली, तर दफनाला पाऊल टाकायचं नाहीस.”
तो गेल्यावर हार्लन म्हणाला, “तुझी आई. तू सांगशील तसं.”

३ एप्रिल
दिवसभर रडले. आईला शेवटचं बघायचंय मला. पण त्या मुलीचीही आईच गेली होती ना? तिला कोण चौकट देणार होतं?
दुपारी छापखान्यात फोन केला. “आई रकान्यातच.” हार्लन म्हणाला, “बरं.”
गावानं वाळीत टाकलंच आहे, आता माहेरही सुटलं.

४ एप्रिल
अंक आला. आई पहिल्या पानावर, जाड काळ्या चौकटीत.
हार्लन मान वर करत नाही. “तुला दफनाला जाता यावं म्हणून केलं,” म्हणतो.
मला दफनाला न्यायला रॉयस गाडी घेऊन दारात आलाय. मी हातमोजे घालून बसलेय. उठवत नाही.