साहेबाचं गवतकापणी यंत्र

बुध. १ सप्टें. ७१
पुढच्या बुधवारी धाकट्या बहिणीचं, लीलाचं लग्न. जेवण चर्चच्या हिरवळीवर, आणि गवत गुडघ्याला लागलंय. दरवर्षी चंद्राबाई कापते, भारे तिच्या म्हशीला. कापेल त्याचं गवत. आज विळा घेऊन आली तर मीच म्हणालो, "राहू दे. मिशनचे साहेब विलायतेला जाताना यंत्र ठेवून गेलेत."
"मशीन व्हय? मंग म्हस बी तिच्यावरच हिंडवून आना, मास्तर."
हसली खरी. विळा पदराखाली घेऊन गेली.
यंत्र चार हात चाललं, खोकलं, बंद.

शुक्र. ३
प्लग काढला. काळाकुट्ट. घासला. कार्बोरेटरचं भोक केरसुणीच्या काडीने मोकळं केलं. सुरू! पांढरा धूर, गचके, पण सुरू. ढकलत मधला पट्टा कापला. खाली काहीतरी गळत होतं. लक्ष कुठे? मी मनाने चौथीच्या वर्गात. पाखरांची कविता, मुलं एका सुरात...

शनि. ४
कापलेलं गवत चंद्राबाईला नेऊन दिलं. मनाला टोचत होतं म्हणून. म्हशीने हुंगलं, फुरफुरली, तोंड फिरवलं. बाईने मूठभर नाकाशी धरलं.
"रॉकेल, मास्तर."
मूठ उकिरड्यावर झटकली.
भावाच्या विहिरीवरचं इंजिन पेट्रोलवर सुरू करतात, मग रॉकेलवर चालवतात. मीही टाकीत तेच ओतलं. हे इंजिन तसलं नाही, साहेबांनी बजावलं होतं. मी मान डोलावली होती. ऐकलं नव्हतं.

सोम. ६
टाकी रिकामी केली, नवं पेट्रोल. धूर गेला, गचके तसेच. दोरी ओढून खांदा भरून आला. कडेला रान, मधे टक्कल.
संध्याकाळी चंद्राबाईकडे. 'विळा घेऊन ये' म्हणायला गेलो, तोंडातून निघालं, "लग्नाला ये."
"येनार की. लीली माझ्या मांडीवर वाढली." मग सावकाश, "पन गवताला न्हाई बोलवायचं."
मान खाली घालून परत.

मंगळ. ७
शेजारचा विळा आणून स्वतःच बसलो. कापतोय कसला, उपटतोय. लीला हळदीच्या अंगाने येऊन उभी.
"दादा, चंद्रामावशी कुठंय?"
"उद्या येणार आहे."
"ते नाही विचारलं मी."
मी विळा चालवत राहिलो. पोर खाली बसली, हाताने उपटू लागली. नको म्हणायचं तोंड नव्हतं.
अंधार पडला. अर्धंअधिक तसंच. मधल्या पट्ट्याला अजून वास येतोय आणि पंगत तिथेच मांडावी लागणार. चंद्राबाईला कुठे बस म्हणू?