फवारणी थांबवण्यासाठी आपला आवाज मिळण्याबाबत

प्रति,
मा. विभागीय अधिकारी,
स्वयंचलित शेती सेवा विभाग,
मुख्य कार्यालय, दुसरा मजला.

विषय : मक्याच्या शेतावर आपोआप होणारी ड्रोन फवारणी तातडीने रद्द करण्याबाबत व त्यासाठी आपण स्वतः फोनवर बोलण्याबाबत.

संदर्भ : सेवा केंद्रावर केलेली तोंडी विनंती, तसेच आपल्या दालनाबाहेर दोनदा बसून परत गेल्याबाबत.

महोदय,

वरील विषयास अनुसरून विनंतीपूर्वक सादर करण्यात येते की,

१. अर्जदार शिवणकाम करते. तिचे पती मका पिकवतात. घरात हे दोघे आणि पतीची थोरली बहीण अशी तीन माणसे आहेत. घर शेताच्या कोपऱ्यातच आहे. मागचे दार उघडले की मक्याची पाने हाताला लागतात. पतीला ओळखीचे सगळे ‘चालेलभाऊ’ म्हणतात. कोणी शिडी मागितली, कोणी पंप मागितला, कोणी भल्या सकाळी कुठे सोडायला सांगितले, तरी त्यांच्या तोंडून ‘चालेल’ एवढेच निघते. आपल्या विभागाची माणसे ड्रोनची सेवा घेऊन दारात आली तेव्हाही ते हेच म्हणाले. त्याबद्दल तक्रार नाही. पाठीवर औषधाची टाकी घेऊन फिरताना त्यांचे खांदे सोलवटून निघत आणि अंगाचा वास साबणाने जात नसे. ड्रोन आल्यावर ते यातून सुटले. पीकही चांगले आले, हे अर्जदार नाकारत नाही.

२. ड्रोनची पेटी शेजाऱ्याच्या बांधावर बसवलेली आहे. वारा पडला की पेटीचे झाकण आपोआप उघडते, ड्रोन वर येतो, ठरलेल्या शेतावर औषध मारतो आणि पेटीत परत जातो. त्यासाठी तिथे माणूस लागत नाही. सेवा सुरू करताना पतीचा आवाज फोनवर नोंदवून घेण्यात आला होता. सह्या खोट्या करता येतात, आवाज खोटा करता येत नाही, असे आपल्या माणसांनी समजावून सांगितले. यापुढे सेवा वाढवायची असो वा थांबवायची असो, शेतमालकाने नुसते बोलायचे, एवढे ते सोपे होते.

३. घडलेली घटना अशी. पती ठिबकची फुटलेली नळी जोडायला मक्यात गेले होते. फवारणी दुसऱ्या दिवशी होणार असा संदेश आलेला होता, म्हणून घरात कोणाला काळजी नव्हती. अर्जदार मशीनवर बसून पडदे शिवत होती. तेवढ्यात घरात राहिलेला पतीचा फोन वाजला. हवामान अनुकूल झाल्यामुळे फवारणी अलीकडे घेण्यात आली आहे, असे त्यात लिहिले होते. अर्जदार मागच्या दारात आली तेव्हा ड्रोन मक्यावर होता. एक ओळ संपली की तो वळे आणि शेजारची ओळ धरे. मका माणसाच्या डोक्याच्या वर गेलेला. पती नेमके कुठे आहेत ते दिसेना. अर्जदाराने हाका मारल्या, परंतु पंख्यांच्या आवाजात तिची हाक तिलाच ऐकू येत नव्हती. पाने कुठे हलतात ते बघावे म्हटले, तर ड्रोनखालची सगळीच पाने हलत होती. शेवटी पती पलीकडच्या बाजूने बाहेर आले. दोन्ही हात तोंडावर होते आणि ते घराच्या उलट दिशेला चालत निघाले होते.

४. डोळे दवाखान्यात वाचले. गळा मात्र आतून पोळला आहे. आता त्यांचे बोलणे फुटक्या नळीतून हवा निघावी तसे येते. डॉक्टरांनी सांगितले आहे की आवाज परत यायला बराच काळ जाईल, कदाचित पूर्वीसारखा येणारही नाही. आणि पुन्हा एकदा हे औषध छातीत गेले तर श्वासाचे काय होईल, ते त्यांना सांगता येत नाही.

५. म्हणून सेवा रद्द करण्यासाठी पतीने फोन हातात घेतला. फोनने ‘सेवा रद्द करा’ असे म्हणायला सांगितले. ते म्हणाले. आवाज जुळत नाही, असे उत्तर आले. त्यांनी पाणी पिऊन पुन्हा म्हटले. मानेच्या शिरा फुगेपर्यंत जोर लावून म्हटले. त्यावर फोनने कळवले की अनोळखी व्यक्ती आपल्या सेवेत ढवळाढवळ करत आहे, तरी आपल्या सुरक्षिततेसाठी फवारणी सुरू ठेवण्यात येत आहे.

६. पतीला घेऊन अर्जदार सेवा केंद्रावर गेली. खिडकीतल्या बाई चांगल्या आहेत. त्यांच्याबद्दल काही म्हणणे नाही. पतीने बोलून दाखवल्यावर त्यांनी हातातले काम बाजूला ठेवले. त्या म्हणाल्या, “मला दिसतंय हो, हे तेच आहेत. पण माझ्या दिसण्याला इथं काही किंमत नाही.” रद्द करायला एक तर मालकाचा आवाज लागतो, नाहीतर विभागीय अधिकाऱ्यांचा, असे त्यांच्याकडून कळले. आपण दौऱ्यावर होता. तेव्हा पतीचा जुना आवाज फोनमध्ये कुठे साठलेला असेल तर शोधून पाहा, असे त्यांनी सुचवले.

७. त्याप्रमाणे अर्जदार आणि नणंद यांनी पतीचे फोनमधले सगळे जुने बोलणे ऐकले. ‘हो, निघालो.’ ‘घेऊन जा की, विचारायचं काय त्यात.’ ‘ताई, तुझी गोळी घेतली का?’ ‘चालेल.’ ‘चालेल, चालेल.’ इतक्या बोलण्यात त्यांनी कोणाला ‘नको’ म्हटलेले सापडले नाही. ‘रद्द’ हा शब्द तर लांबच. पती समोर बसून स्वतःचा आवाज ऐकत होते. थोड्या वेळाने ते उठून पडवीत गेले व पाठमोरे उभे राहिले. अर्जदाराने फोन बंद केला.

८. यानंतर जे झाले त्यात नणंदेचा हेतू वाईट नव्हता, हे आपण ध्यानात घ्यावे. तिला वाटले की यंत्राला एकदा आवाजाची ओळख पटू दे, मग पुढचे बोलता येईल. तिने सेवेला फोन लावला आणि दुसऱ्या फोनवरून भावाचा जुना आवाज ऐकवला. ओळख लगेच पटली. यंत्राने नाव घेऊन स्वागत केले व पुढील फवारणी निश्चित करायची का, असे विचारले. नणंद दुसरा फोन बंद करायला धडपडली, पण बोट चुकले आणि पुढचे बोलणे सुरू झाले. ते होते, “चालेल.”

९. अशा रीतीने फवारणी मालकाच्या संमतीने पक्की झाली. नणंद त्या दिवसापासून नीट जेवत नाही. भावाने तिच्या पाठीवर हात ठेवला, तरी ती फोनला शिवायला तयार नाही.

१०. औषध निदान घरापर्यंत येऊ नये म्हणून घराजवळच्या मक्याच्या ओळी तिघांनी मिळून कापून टाकल्या. कणसे अजून भरायची होती. त्यावर संदेश आला की शेताच्या एका कोपऱ्यात पीक नाहीसे होत असून किडीचा जोरदार प्रादुर्भाव संभवतो. सबब त्या कोपऱ्यात औषधाचे प्रमाण वाढवण्यात येत आहे. तो कोपरा म्हणजे अर्जदाराचे घर.

११. घर सोडून नातेवाइकांकडे का जात नाही, असे आपल्या शिपायाने विचारले. नणंदेचे गुडघे धरलेले आहेत, पतीला चार पावले चालले की धाप लागते आणि तीन माणसांना महिना-महिना ठेवून घेईल असे नातेवाईक अर्जदाराला नाहीत. शिवाय फवारणी कधी होणार ते आता कळत नाही. वारा पडेल तेव्हा होणार, एवढेच माहीत आहे. पूर्वी वारा पडला की उकडते म्हणून माणसे कुरकुरत. आता पाने हलायची थांबली की घरात बोलणे थांबते. नणंदेने खिडकीत कापडाची चिंधी टांगली आहे आणि ती दिवसभर तिच्याकडे बघत बसते. शिवणयंत्राची घरघर ऐकून पती दचकून उठतात, म्हणून अर्जदार आता चाक हाताने फिरवून एकेक टाका घालते. पडद्यांचे काम तसेच पडून आहे.

१२. शेजाऱ्याकडे अर्जदार मदत मागायला गेली होती. पेटी उघडणे हा गुन्हा आहे, तसे पेटीवरच लिहिले आहे, म्हणून ते पेटीला हात लावणार नाहीत. ते माणूस म्हणून भले आहेत, परंतु यंत्रावर त्यांचा फार विश्वास. ते हसून म्हणाले, “वहिनी, त्याला आपल्यापेक्षा जास्त डोळे आहेत. उभा माणूस दिसला की ते थांबतं. भाऊ वाकून काम करत होते म्हणून दिसले नाहीत, इतकंच.” अर्जदार घरी परत आली.

१३. अर्ज इथपर्यंत लिहून झाला आणि वारा पडला. पुढचा मजकूर त्यानंतर लिहिलेला आहे. अक्षर वेडेवाकडे आल्यास क्षमा असावी.

नणंदेने चिंधीकडे बोट दाखवले. अर्जदाराने ओली चादर दाराच्या फटीत कोंबली, पतीच्या नाकातोंडाला ओला पंचा बांधला आणि तिघे आतल्या खोलीत भिंतीला टेकून बसले. पेटीचे झाकण उघडल्याचा आवाज आला. मग पंखे. आवाज आधी बारीक होता, नंतर भांडी थरथरायला लागली. पतीने अर्जदाराचे मनगट इतके घट्ट धरले की बोटांचे वळ अजून आहेत. आवाज छपरावर येणार असे वाटत असतानाच तो एका जागी थांबला. पुढे येईना की मागे जाईना. किती वेळ गेला ते अर्जदार सांगू शकत नाही. मग तो हळूहळू लांब गेला आणि झाकण बंद झाले.

दार उघडले तर कापलेल्या मक्याच्या जागेत शेजारी ताठ उभे होते. हातात लाल सतरंजी होती आणि ती त्यांनी डोक्याच्या वर धरलेली होती. हात खाली घ्यायचे त्यांना सुचत नव्हते. अर्जदाराने ते धरून खाली घेतले. त्यांना घरात आणून बसवले, पाणी दिले. पेला त्यांच्या दातांवर वाजत होता. पेला खाली ठेवून ते म्हणाले, “त्यानं मला बघितलं, वहिनी. बघून लगेच थांबलं नाही. जवळ आलं, आणि मग थांबलं.”

एवढ्यात पतीच्या फोनवर संदेश आला. अडथळ्यामुळे फवारणी अपूर्ण राहिली असून अनुकूल हवामान मिळताच ती पूर्ण करण्यात येईल. शेजाऱ्यांनी तो वाचला. ते उठले, सतरंजी उचलली आणि पुन्हा बाहेर जाऊन उभे राहिले. पती त्यांच्यामागे निघाले तर त्यांनी पतीला खांद्याला धरून आत ढकलले आणि दार बाहेरून ओढून घेतले.

१४. सबब विनंती अशी की आपण सेवेला फोन लावून ही फवारणी रद्द करावी. आपला आवाज पुरतो, असे केंद्रावरच्या बाईंनी सांगितले आहे. चौकशी, पाहणी, पंचनामा जे करायचे ते मागाहून करावे. अर्जदार सगळ्याला हजर राहील. नुकसानभरपाई मागितलेली नाही.

१५. अर्जात कारणे लिहावीत, मनातले लिहू नये, हे अर्जदारास ठाऊक आहे. तरी पतीने खुणेने सांगितले म्हणून लिहिते, की या घरातली माणसे फार घाबरलेली आहेत.

१६. पतीला एकटे सोडता येत नाही, म्हणून हा अर्ज घेऊन नणंद येत आहे. तिला जिना चढवत नाही. आपण खाली यावे किंवा कोणाला तरी पाठवावे. तिला बाकावर बसवून ठेवू नये. आत्ता थोडा वारा आहे. शेजारी बाहेर उभे आहेत, आणि आपण बोललात एवढा निरोप येईपर्यंत तिथेच उभे राहणार, असे ते म्हणतात.

आपल्या एका फोनची वाट पाहणारी,
अर्जदार
(सही)

दिनांक : आजचा. पोच देताना वेळही घालावी.

सोबत :
१. दवाखान्याची चिठ्ठी.
२. शेतमालकाची सही. हात कापत असल्याने जुन्या सहीशी जुळणार नाही. तरी ती त्यांचीच आहे, हे अर्जदार व नणंद लिहून देतात.