सशाच्या वर्षातली नाबी

नाहा, ८ एप्रिल २०१०

ती. हात्सुए मावशीस,
चिनात्सुचा शि. सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला म्हणून रागावू नकोस. फोनवर सांगून पाहिलं, पण फोनवर तुला ऐकू येत नाही आणि तू सगळ्यालाच हो म्हणतेस. मागच्या खेपेला मी आईच्या तब्येतीचं रडगाणं गात होते आणि तू मला कारल्याच्या वेलाला राख घाल म्हणून सांगत होतीस. म्हणून आता लिहूनच कळवते.

आई बरी नाही. सुक्या मासळीचं दुकान विकल्यापासून ती पाहुण्यांना बाजारातून पायी हिंडवते, खाऊ-पिऊ घालते, हे तुला ठाऊक आहेच. हातात ताडाच्या पानाचा पंखा उंच धरून ती पुढे आणि ओसाका-होक्काइदोहून आपल्या बेटावर आलेली मंडळी पिल्लांसारखी मागे. गेल्या महिन्यात अशीच फेरी चालू होती. मागच्या गल्लीत आंबवलेल्या सोयाच्या तोफूयोचा एकेक कण काडीवर घेऊन, वर आवामोरी दारूचा घोट कसा घ्यायचा ते ती दाखवत होती, एवढ्यात एका बंद दुकानाचं जुनं लोखंडी शटर तिच्या पाठीमागे धाडकन कोसळलं. कुणाला खरचटलंसुद्धा नाही. पण आई दोन्ही कानांवर हात ठेवून खाली बसली, ती बसलीच. त्या दिवसापासून तिने तोंडातून शब्द काढलेला नाही.

डॉक्टरांनी डोक्याचे फोटो काढले, रक्त तपासलं. सगळं ठीक आहे म्हणतात. कुणी आईला तोमिएबाई, जेवा म्हटलं की ती जेवते, निजा म्हटलं की निजते. मावशी, जी बाई बाजारात मांडलेल्या डुकराच्या मुंडक्यालाही चार विनोद ऐकवायची, ती भिंतीकडे तोंड करून बसते आणि मी समोर गेले तर मला ओलांडून दाराकडे बघते. मला भीती वाटते, आई आता अशीच राहणार.

तिच्या फेऱ्या पावसाळ्यापर्यंत ठरलेल्या आहेत. मोडायला जीव होत नाही, म्हणून बँकेतून रजा घेऊन मीच पंखा हातात घेतला आहे. आईचे सगळे विनोद मला पाठ आहेत. पण मी सांगितले की लोक माना डोलावतात आणि वहीत टिपून घेतात.

तुझ्या हातून दोन ओळी याव्यात. लोभ आहे, तो या काळजीत आणखी लागेल.

तुझी,
चिनात्सु

*

ओगिमी, १३ एप्रिल

चि. चिनात्सुस अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र दोनदा वाचून काढलं. विणायच्या केळीच्या सुताला गाठी मारत बसले होते, त्या दिवशी एकही गाठ धड बसली नाही.

डोक्याचे फोटो काढून काय होणार? जे शरीरात नाहीच, ते फोटोत कसं दिसेल? तुझ्या आईने धसका घेतला आणि तिची माबुइ तिथेच गल्लीत पडली. माबुइ म्हणजे जीव नव्हे, जिवाच्या आतला जीव. तो लहान मुलासारखा असतो. घाबरला की हात सोडतो आणि पडल्या जागी वाट बघत बसतो. कुणीतरी जाऊन त्याला हाक मारून घरी आणायचं असतं. लहानपणी तू आमच्या विहिरीजवळ पडलीस, तेव्हा तुझी मीच आणली होती. तुला आठवत नसेल, कारण ती परत आली.

त्या दिवशी आईच्या अंगात जे होतं ते जाकीट घेऊन जा. थोडा भात, थोडं मीठ ठेव. जागेवरचे तीन खडे उचलून जाकिटात बांध आणि नाव घेऊन म्हण: माबुया, माबुया, ऊती कूयो. जिवा, जिवा, मागोमाग ये. मग वाटेत न थांबता, कुणाशी न बोलता घरी ये आणि जाकीट तिच्या खांद्यावर घाल. आणि हे तुझ्या पाहुण्यांना गंमत म्हणून दाखवू नकोस.

कारल्याला राख मात्र घाल. माया आहेच, ती काय लिहायची.

तुझी मावशी

*

नाहा, २२ एप्रिल

ती. मावशीस सा. न. वि. वि.

तुझ्या आज्ञेप्रमाणे सगळं केलं. हसू नकोस, पण बँकेत शिकलेलं सगळं गुंडाळून ठेवून मी भल्या पहाटे जाकीट आणि भाताची मूद घेऊन त्या गल्लीत उकिडवी बसले. कुणी पाहील म्हणून इतक्या हळू पुटपुटले, की माबुइला ऐकू यायला तिला तुझ्यापेक्षा बरे कान हवेत. एका मांजराने भात खाल्ला. खडे बांधून घरी आणले, जाकीट आईच्या खांद्यावर घातलं, पाठ चोळली. तिने ते काढून नीट घडी करून ठेवलं. जणू दुसऱ्या कुणाचं जाकीट चुकून तिच्याकडे आलं होतं.

मी स्वयंपाकघरात जाऊन रडले. तुझ्यावर राग नाही. पण आता माझ्याकडे करण्यासारखं काही उरलं नाही, आणि तेच मला सोसत नाही. काल जेवायला वाढून मी तिला मोठ्याने तोमिए म्हणून हाक मारली. आई म्हणून ओ देत नाही, निदान नावाला तरी देईल म्हणून. ती शेजारी बघायला लागली, अगं, तोमिए नावाची कुणी बाई शेजारीच बसली असावी तशी.

उद्या पुन्हा फेरी आहे. पाहुणे विचारतात, त्या पंखावाल्या आजी कुठे आहेत? मी सांगते, जरा विश्रांती घेताहेत.

काही सुचलं तर कळव. न सुचलं तरी कळव.

तुझी,
चिनात्सु

*

ओगिमी, २६ एप्रिल

चि. चिनात्सुस आशीर्वाद.

काय म्हणावं तुला! तोमिए म्हणून हाक मारलीस होय? मग येणार कशी? तोमिए हे शाळेच्या दाखल्यावरचं नाव. पंचेचाळीसच्या लढाईनंतर गुरुजींनी वर्गात बसवून सगळ्यांना एकेक वाटलं, तसं मला हात्सुए मिळालं आणि तिला तोमिए. माबुइला दाखला वाचता येत नाही.

चूक माझीच. तुला ठाऊक असेल असं धरून चालले. तिचं बाळपणीचं नाव नाबी. नाबी म्हणजे पातेलं. माझं कामी, म्हणजे रांजण. आमच्या आज्यांची नावं होती ती. आमच्या आईने, अन्माने, दोघींना हाक मारली की अख्ख्या डोंगराला वाटायचं भांडी घासायला काढली. त्या काळी आपली भाषा शाळेत बोललं तर गळ्यात लाकडी पाटी अडकवत. अन्मा लढाईत गेली, त्यानंतर नाबीने मला शपथ घातली की या नावाने पुन्हा हाक मारायची नाही. मला वाटलं, पोरी पातेलं म्हणून चिडवतात याची लाज वाटत असेल. मी शपथ पाळली. तुझ्या बाबांनासुद्धा हे नाव कधी कळलं नसणार.

आता तू हाक मार. पोटच्या पोरीला शपथ लागू नाही. नाबी नावाच्या बायका गल्लोगल्ली आहेत आणि तिचा जन्म सशाच्या वर्षातला, म्हणून सशाच्या वर्षातली नाबी, असं म्हण. आणि पुटपुटू नकोस. बाजारात जिन्नस विकताना काय पुटपुटतात का?

तुझ्या पत्राकडे डोळे लावून बसलेली,
मावशी

*

नाहा, ३ मे

ती. मावशीस शि. सा. न. वि. वि.

अक्षर वेडंवाकडं आलं तर सांभाळून घे. कुठून सुरुवात करावी कळत नाही, म्हणून घडलं तसंच लिहिते.

मी पुन्हा पहाटे जाणार होते. पण काल फेरी त्या गल्लीत पोचली आणि माझ्या पिशवीत जाकीट होतं. लोणच्याच्या दुकानापुढे पाहुण्यांना आवामोरीचे पेले देऊन झाले होते, सगळे कारी असा शुभेच्छेचा पुकारा करून पेला उचलणार, तेवढ्यात मला वाटलं, आता नाही तर कधीच नाही. तू गंमत दाखवू नकोस म्हणाली होतीस. गंमत नव्हती ती, मावशी. मी पाहुण्यांना एवढंच सांगितलं की माझ्या आईचं इथे काही हरवलं आहे, ते मला न्यायचं आहे, आणि आता घरी पोचेपर्यंत मी बोलणार नाही. भात ठेवला, मीठ ठेवलं, तीन खडे जाकिटात बांधले आणि मासळीवाल्यांसारखा आवाज लावून नाबी अशी हाक मारली.

गल्लीतल्या तीन म्हाताऱ्यांनी वळून पाहिलं.

लसणाच्या लोणच्याच्या आजी, डुकराचे पाय विकणाऱ्या बाई आणि गोड गोळे तळणाऱ्या आजी. तिघीही नाबी. शेजारीशेजारी बसून त्यांचं आयुष्य गेलं, पण एकमेकींचं हे नाव त्यांना ठाऊक नव्हतं. तुझी आठवण झाली आणि मी ओरडले, सशाच्या वर्षातली नाबी. तेव्हा त्यांना उमजलं की मी कुणाला न्यायला आले आहे. लोणच्याच्या आजींनी हातातली सुरी खाली ठेवली, छातीवर हात ठेवला आणि म्हणाल्या की मी वाघाच्या वर्षातली नाबी. मग पलीकडून कुणी मी कामादू म्हणालं, कुणी उशी, कुणी माकातू. शेवाळवाल्या आजींना तर आपलं नाव आठवायला वेळ लागला, आणि आठवल्यावर त्या लहान मुलीसारख्या लाजल्या. रोज ज्यांच्याशी मी भाव करते, त्या बायका एकेक करून आपल्या दुकानापुढे येऊन उभ्या राहिल्या, आणि मला वाटलं की ही गल्ली मी आज पहिल्यांदाच बघते आहे. आईने मला या बाजारातला दगड न् दगड दाखवला, पण हे तिनेही पाहिलं नव्हतं. मग सगळ्या मिळून म्हणाल्या, माबुया, माबुया, ऊती कूयो.

मी चालायला लागले. थांबायचं नाही, बोलायचं नाही. मागे बायका हाका मारताहेत आणि त्यांच्याही मागे माझे पाहुणे. त्यांना परत जा म्हणायला मला तोंड उघडता येईना आणि त्यांना वाटलं, फेरी अजून चालूच आहे. वाटेत दुकानांतून त्यांच्या हातात काही ना काही येत गेलं. होक्काइदोचे एक उंच गृहस्थ, ज्यांना सकाळी मुंडकं बघून घेरी आली होती, ते डुकराच्या आतड्यांच्या, नाकामीच्या रश्शाचं पातेलं दोन्ही हातांनी धरून माझ्या मागे चालत होते. एकही जण हसला नाही. वळणावर मी डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहिलं, तर सगळे मान खाली घालून चालले होते, माझ्याबरोबर खरंच कुणीतरी लहान मूल येत असावं आणि आपला पाय त्याच्यावर पडू नये, असे.

घरी आई पाठमोरी बसली होती. मी आत गेले नाही. का कोण जाणे, दारातच थांबले आणि तिथूनच म्हटलं, नाबी.

आई म्हणाली, "ऊ."

जवळजवळ दोन महिन्यांनी ऐकला मी तिचा आवाज. ती उठली, दारापर्यंत आली, मी जाकीट खांद्यावर घातलं ते तिने ओढून घेतलं. मग तिचं लक्ष बाहेरच्या गर्दीकडे गेलं आणि तिने मला झापलं की पाहुण्यांना उन्हात उभं करतात का? रात्री तिने दोन वाट्या रस्सा घेतला आणि मीठ कमी आहे म्हणाली.

मावशी, एकच गोष्ट मनातून जात नाही. मला आपली भाषा धड येत नाही, पण एवढं कळतं की हाकेला ओ देताना ऊ म्हणायचं ते थोरांना. लेकराला कुणी ऊ म्हणत नाही, इन म्हणतात. आई असल्या चुका करणारी नव्हे. तिला विचारलं तर म्हणाली, ते मी ताईला लिहीन.

तुझ्या पायांवर डोकं ठेवून,
चिनात्सु

*

नाहा, ९ मे

ती. ताईस,
धाकटीचा दंडवत. वि. वि.

मी धडधाकट आहे. चिनात्सुने माझे सगळे विनोद नासवून ठेवले आहेत, ते दुरुस्त करण्यात आठवडा गेला. उद्यापासून पंखा माझ्या हातात. ती बँकेत जाईल, तिथे कुणी हसायची अपेक्षा करत नाही.

माझी माबुइ पडली होती की नाही, मला सांगता येणार नाही. तू म्हणतेस तर पडली असेल. मला आठवतं ते असं. शटर पडलं आणि मी पुन्हा लढाईत आपण लपलो होतो त्या डोंगरातल्या पानांच्या झोपडीत होते. खाली तोफा वाजत होत्या. तू आजीबरोबर लाकडं गोळा करायला गेली होतीस. अन्मा रताळी काढायला उतरायला निघाली आणि मला म्हणाली, "कुणीही आलं तरी आवाज करू नकोस. मी दारातून नाबी म्हणेन, तेव्हाच ऊ म्हण."

ती आली नाही. तू आलीस, मला पाठीवर घेऊन डोंगर उतरलीस. पण तू नाबी म्हणाली नाहीस, ताई. घाईत नुसतं चल म्हणालीस.

म्हणून तुला शपथ घातली होती. लाज कसली? पातेलं काय वाईट असतं! ती हाक अन्माची होती, दुसऱ्या कुणी मारली असती तर मी चुकून ओ दिली असती. आताही मी आजारी नव्हते. मी सांगितल्याप्रमाणे गप्प बसले होते. लोक तोमिए जेव, तोमिए झोप म्हणायचे, तोमिए जेवायची, झोपायची. माझं लक्ष दाराकडे होतं.

मग दारातून हाक आली. वळून पाहिलं, उजेड तिच्या मागे होता, तोंड दिसत नव्हतं. ताई, पोरीचा आवाज अगदी अन्मासारखा आहे. इतकी वर्षं घरात ऐकत होते आणि मला कळलंच नाही.

उठून गेले तर दारात चिनात्सु. म्हणून मी चुकले असं तिला वाटतं. तू तिला समजावून सांग, मला तिच्यासमोर सांगता येणार नाही. तिला सांग की आई चुकली नाही. जिला द्यायचं होतं, तिलाच उत्तर दिलं.

लोभ असू दे. आणि तू मला काय हाक मारायची ते आता तुझं तू ठरव.

तुझी धाकटी